पाणचट रस्सा आणि चिवट मटण

प्रश्न : एक किलो मटणाला कुकरच्या सहा शिट्ट्या काढूनही तुकडे चिवट राहतात, रस्सा पाणचट होतो आणि वर तर्री येत नाही. एकदा मेंढीचे मटण आणले, तर त्याला उग्र वास येत होता. सासूबाई पाट्यावर मसाला वाटून जो रस्सा करत, तो मिक्सरवर होतच नाही का?
— एक वाचक, नाशिक रोड

उत्तर : मिक्सरला दोष देण्याआधी कुकरकडे पाहू. मोठ्या आचेवर सहा शिट्ट्या दहा-बारा मिनिटांतही होतात, पण मटणातील चिवट तंतू विरघळायला तेवढा वेळ पुरत नाही. म्हणून शिट्ट्या न मोजता मिनिटे मोजावीत. मटण थोड्या तेलात हळद, मीठ, आले-लसूण व एका चिरलेल्या कांद्यासह पाणी आटेपर्यंत परतावे, चार वाट्या गरम पाणी घालावे, आणि पहिली शिट्टी झाली की आच मंद करून बोकडाचे असल्यास 20 ते 25 मिनिटे, कोवळ्या मेंढीचे असल्यास 15 मिनिटे शिजू द्यावे. वाफ आपोआप जिरू द्यावी. रश्श्यासाठी खांदा, मान आणि एखादी नळी मागून घ्यावी. नुसत्या मांडीच्या मऊ तुकड्यांनी रश्श्याला अंग येत नाही. मेंढीचा वास मुख्यतः चरबीत असतो, त्यामुळे वरचा पांढरा थर खाटकाकडूनच काढून घ्यावा.

कुकरमध्ये जे आळणी पाणी, म्हणजे मटण शिजलेले बिनमसाल्याचे पाणी, उरते, तोच पुढे रस्सा होतो. ते बाजूला ठेवून नळाचे पाणी ओतणारी घरे मी पाहिली आहेत, आणि रस्सा पाणचट होण्याचे कारण बहुधा तिथेच असते.

वाटणासाठी चार मध्यम कांदे सालासकट थेट जाळावर भाजावेत. आपल्या जिल्ह्यात दोन्ही कांदे मिळतात, तेव्हा पाणीदार लाल कांद्याऐवजी उन्हाळ कांदा घ्यावा. तो लवकर खरपूस होतो. वाटीभर सुके खोबरे वेगळे भाजावे, कारण ते क्षणात करपते. हे वाटण पाच-सहा चमचे तेलात मंद आचेवर निदान 12 मिनिटे परतावे. तळाला लागू लागले की चमचाभर आळणी पाणी शिंपडावे आणि कडेने तेल सुटून वाटणाचा गोळा कढईपासून वेगळा होईपर्यंत थांबावे. काळा मसाला आधीच भाजलेला असतो, म्हणून तो, तिखटासह, शेवटी घालून जेमतेम मिनिटभर हलवावा, नाहीतर कडवटपणा येतो. मिरचीचा लाल रंग पाण्यात नव्हे तर तेलात उतरतो. त्यामुळे या मिनिटाआधीच पाणी घातले तर तर्री येत नाही. मग मटण व गरम आळणी पाणी घालून, मंद उकळीवर दहा मिनिटे ठेवावे.

राहिला पाटा. मिक्सरच्या भांड्यात वाटण पात्याभोवती अडकू लागले की आपण पाणी ओततो, आणि ते सैल वाटण परतले न जाता नुसतेच शिजते. सासूबाईंच्या पाट्यावर हाताच्या जोराने घट्ट वाटण होत असे. कांदा-खोबरे पूर्ण गार करून, थांबत थांबत फिरवल्यास दोन चमचे पाण्यात काम होते. भांडे विसळून घेतलेले पाणी मात्र टाकू नये, ते रश्श्यातच जाऊ द्यावे.