आधी मूठ, मग हात: एका तरुण बचावपटूस पत्र

चि. मित्रा,
अनेक आशीर्वाद.

तुझे पत्र मिळाले. आईबाबांना दाखवू नये अशी तुझी विनंती होती, ती मी पाळली आहे. शनिवारी व्हीएफएलच्या (ऑस्ट्रेलियन फुटबॉलच्या, एएफएलखालोखालच्या स्पर्धेतल्या) सामन्यात, तिसऱ्या क्वार्टरमध्ये, तू आपला माणूस सोडून हवेतला चेंडू पकडायला धावलास, चेंडू बोटांवरून निसटला, मागे मोकळ्या राहिलेल्या फॉरवर्डने तो उचलून आरामात गोल केला, आणि त्यानंतर सामना संपेपर्यंत तू त्या माणसापासून हातभरही हलला नाहीस. आता एक कोच म्हणतात की हिंमत कर, बाहेर ये आणि मार्क घे, म्हणजे किकवरून आलेला चेंडू हवेतच पकड. दुसरे म्हणतात की तुझा माणूस मोकळा राहता कामा नये. आणि तू मला विचारतोस की, काका, त्यापेक्षा मला फॉरवर्ड म्हणून खेळवा असे क्लबला सांगू का?

सांगू नकोस. निदान या हंगामात तरी नाही.

तू गुणी आहेस, कष्टाळू आहेस वगैरे मी लिहीत बसणार नाही. ते खरे नसते तर नवे खेळाडू निवडायच्या ड्राफ्टमध्ये तुझे नाव कोणी घेतले नसते. तुझे दोन्ही कोच बरोबर बोलत आहेत, आणि तरी तुझा गोंधळ होतो, कारण दोघांच्या सांगण्याआधीची एक पायरी तू गाळली आहेस. आधी मूठ, मग हात. हवेतून येणारा प्रत्येक चेंडू मुठीने उडवायचाच आहे असे धरून निघायचे, आणि तो पकडता येईल असे धावता धावता स्पष्ट दिसले तरच मूठ उघडायची. तू नेमके उलटे करतोस. पकडायचे आधी ठरवतोस, जमत नाही असे दिसले की मूठ वळायला जातोस, आणि तोवर चेंडू निघून गेलेला असतो.

हे तुला लहानपणापासून सांगितलेले आहे, म्हणून ते तुला येते असे तू समजतोस. शनिवारचे चित्रण मी पाहिले. तुला ते येत नाही. मागून येताना तू फॉरवर्डच्या पाठीच्या बरोबर मध्ये येतोस, त्यामुळे हात पुढे काढायला जागाच उरत नाही, आणि मग एक तर त्याच्या पाठीत कोपर जाते किंवा त्याच्या दंडावर हात पडतो, आणि दोन्ही वेळा पंच शिट्टी वाजवतात. त्याच्या खांद्याच्या किंचित बाहेर ये. शेवटची दोन पावले आखूड टाक, म्हणजे उडी वर जाईल, पुढे जाणार नाही. अंगठा मुठीच्या बाहेर ठेव. मूठ त्याच्या कानाजवळून सरळ चेंडूच्या पलीकडे जाऊ दे, चेंडूपाशी थांबू नकोस, आणि नजर चेंडूवरच ठेव, त्याच्या हातांकडे पाहशील तर हातांवरच मारशील. मार नेहमी बाजूच्या रेषेकडे असावा. तू परवा दोनदा अप्रतिम उडी घेऊन चेंडू गोलसमोर मध्यभागी पाडलास, जिथे त्यांचे छोटे फॉरवर्ड त्याचीच वाट पाहत उभे होते. असा स्पॉइल, म्हणजे मुठीने उडवलेला चेंडू, आकडेवारीत चांगला दिसतो, मैदानावर गोल देऊन जातो. आणि उतरताना दोन्ही पायांवर उतर, कारण चेंडू खाली पडल्यावर तुझे दुसरे काम सुरू होते. जमिनीवर लोळत पडलेला बचावपटू त्या क्षणी संघात नसल्यासारखाच असतो.

हे जुनाट वाटेल. क्लबमधले तुझ्या वयाचे खेळाडू सगळे इंटरसेप्टच्या, म्हणजे समोरच्यांची किक मधेच पकडण्याच्या, गोष्टी करतात हे मला माहीत आहे. पण गेल्या काही वर्षांत नियम कसे बदलले ते पाहा आणि मग मला जुनाट म्हण. एएफएलच्या २००८च्या अंतिम सामन्यात हॉथॉर्नविरुद्ध गीलाँगला अकरा बिहाइंड (एकेका गुणाचे) असे मिळाले की ज्यात चेंडू बचाव करणाऱ्यांकडूनच गोलरेषेपार गेला होता. एक गुण द्यायचा आणि चेंडू पुन्हा आपल्या ताब्यात घ्यायचा हा हिशेब तेव्हा सोयीचा होता. २००९ पासून दडपण नसताना मुद्दाम असे केले तर समोरच्याला फ्री किक मिळते. म्हणजे पळून जायची ती वाट बंद झाली. २०१९ मध्ये सहा-सहा-सहाचा नियम आला, आणि दर गोलनंतर मध्यभागी खेळ पुन्हा सुरू होतो तेव्हा गोलच्या बाजूला तुमचे सहा आणि त्यांचे सहा, जास्तीचा एकही माणूस मागे ठेवता येत नाही. २०२१ मध्ये किक मारणाऱ्यासमोर, मार्क घेतलेल्या जागी, उभ्या असलेल्या माणसाने जागेवरच थांबायचे असे ठरले, त्यामुळे चेंडू तुमच्याकडे पूर्वीपेक्षा लवकर आणि सरळ येऊ लागला. या सगळ्याचा परिणाम एकच आहे: बचावपटू वरचेवर एकटा सापडतो. मदतीला कोणी येईल अशी खात्री असेल तेव्हा पकडायला जाणे ठीक आहे. एकटा असशील तेव्हा तुझ्याकडे मूठच आहे.

मला ठाऊक आहे, आता तू मॅकगव्हर्नचे नाव घेशील. घे. २०१८च्या अंतिम सामन्यात, शेवटच्या मिनिटांत, वेस्ट कोस्ट पिछाडीवर असताना जेरेमी मॅकगव्हर्नने आपल्या गोलसमोर कॉलिंगवूडची किक मार्क केली, तिथून चेंडू वार्डीकडे, रायनकडे आणि शीडकडे गेला, शीडने बाउंड्रीजवळून गोल केला, आणि पाच गुणांनी अजिंक्यपद मिळाले. मूठ मारली असती तर ते मिळाले नसते, हा तुझा मुद्दा. पण हा खेळाडू रूकी ड्राफ्टमधून, म्हणजे मुख्य ड्राफ्टनंतरच्या निवडीतून, आला आणि पहिला सामना खेळला तो २०१४ मध्ये, काही वर्षे थांबून. मधला काळ तो दुसऱ्या फळीत घासत होता. २००५ मध्ये सिडनीच्या लिओ बॅरीने अखेरच्या क्षणी गर्दीत उडी घेऊन जो मार्क घेतला, आणि चार गुणांनी सिडनीला ७२ वर्षांनी अजिंक्यपद मिळवून दिले, तो तर सगळ्या ऑस्ट्रेलियाला पाठ आहे. बॅरीची उंची फक्त १८४ सेंटीमीटर. आपल्याहून उंच फॉरवर्डांशी वर्षानुवर्षे झगडलेल्या माणसाचा तो मार्क होता. लोकांना मार्क आठवतो, आधीच्या हजारो मुठी कोणाला आठवत नाहीत, आणि तू लोकांसारखाच आठवतोस, हीच माझी तक्रार आहे.

त्यापेक्षा मॅथ्यू स्कार्लेटचे २००९ मधले ते बुटाचे टोक पाहा. अंतिम सामना, गुण बरोबरीत, शेवटचा क्वार्टर. गीलाँगचा हा फुलबॅक, म्हणजे अगदी गोलसमोरचा बचावपटू, आपली जागा सोडून मैदानाच्या मध्यापर्यंत आला आणि जमिनीवरचा चेंडू वाकून उचलण्याऐवजी त्याने तो बुटाच्या टोकाने गॅरी एब्लेटकडे ढकलला, तिथून तो पुढे गेला आणि चॅपमनने गोल केला. वाकला असता तर चिरडला गेला असता. चेंडू आपल्या हातात आलाच पाहिजे हा हट्ट ज्याने सोडला आहे, त्यालाच हे सुचते. माझ्या लेखी ती मूठच आहे, पायाची.

तू लिहितोस की सामन्यात चेंडू तुझ्याकडे फक्त सात वेळा आला आणि घरी फोन केल्यावर मामांनी विचारले, गोल किती केलेस. मामांना सोड. ते सोलापूरला आहेत आणि त्यांनी हा खेळ मोबाइलवर पाहिलेला आहे. पण त्यांना समजावायचेच असेल तर कबड्डीतल्या कोपऱ्यावरच्या खेळाडूचे उदाहरण दे: चढाई करणाऱ्याचे नाव गावभर होते, आणि कोपऱ्यावरच्याने घोटा धरला नसता तर सामना कधीच गेला असता, हे फक्त संघाला माहीत असते. इथेही तेच आहे. हंगामातल्या सर्वोत्तम खेळाडूच्या ब्राउनलो पदकाची मते पंच देतात आणि ती बहुतांशी मिडफील्डरना जातात. गोलसमोर उभ्या राहणाऱ्या बचावपटूने त्या रात्रीसाठी सूट शिवायला टाकू नये. तुझ्या क्लबच्या सोमवारच्या बैठकीत ‘वन पर्सेंटर’चा रकाना असतो, त्यात स्पॉइल, शेफर्ड (सहकाऱ्यासाठी वाट अडवणे), स्मदर (समोरच्याची किक अंगावर अडवणे) हे सगळे मोजले जाते. तू तो रकाना पाहिलास का? पत्रात तरी तुझ्या सात डिस्पोजलखेरीज (चेंडू किकने किंवा हाताने पुढे देण्याखेरीज) एकही आकडा नव्हता. शनिवारी तुझ्या माणसाने किती गोल केले, हेही तू लिहिले नाहीस. एकच, आणि तोही तू त्याला सोडलेस तेव्हा.

आता फॉरवर्ड होण्याबद्दल. कॉलिंगवूडचा डार्सी मूर पुढे खेळायला आला होता, मागे स्थिरावला, आणि २०२३ मध्ये अजिंक्य संघाचा कर्णधार झाला. त्याचे वडील पीटर मूर दोन वेळा ब्राउनलो जिंकलेले, म्हणजे घरात काय अपेक्षा असतील याचा अंदाज तुला येईल. जागा बदलणे वाईट असते असे मी म्हणत नाही. कोच बदलतील तेव्हा बदल. पण एका चुकलेल्या उडीनंतर स्वतःहून जागा बदलून मागणारा खेळाडू कसा दिसतो, याचा विचार कर. तिथेही चेंडू बोटांवरून निसटतोच. फरक एवढाच की मागे तुझ्यासारखा कोणीतरी मूठ वळून उभा असेल.

मी हे एवढ्या आग्रहाने का लिहितो आहे, असे तुला वाटत असेल. मी मेलबर्नला आलो तो पस्तिशी उलटल्यावर. पश्चिम उपनगरातल्या हौशी संघात तिसऱ्या फळीत मला घेतले ते माणसे कमी पडत होती म्हणून, आणि मागे उभे केले ते किक मारता येत नव्हती म्हणून. हा चेंडू विसाव्या वर्षी हातात आला असता तर काय झाले असते, ही खंत माझी गेलेली नाही आणि जाणारही नाही. किक येत नव्हती, उडी बेताची होती, मूठ मात्र मी शिकलो, आणि पुढे बॅकलाइनच्या मुलांना तीच शिकवली. नंतर एका क्लबने मला सांगितले की तुमची पद्धत आता कालबाह्य झाली आहे, मुलांना मार्क घ्यायला शिकवणारा माणूस आम्हाला हवा आहे. मी गेलो. पुढच्या हंगामात त्यांच्या गोलसमोर काय होत होते ते मी कुंपणाबाहेरून, चहाचा कप हातात घेऊन, दर शनिवारी पाहिले. मला त्याचा आनंद झाला असे मी म्हणणार नाही, पण मला आश्चर्यही वाटले नाही. माझ्या मुलांनी मार्क घेतले नाहीत हे खोटे आहे. ज्यांची मूठ पक्की झाली त्यांनी भरपूर घेतले, कारण मूठ हुकेल ही भीती गेली की बाहेर यायचे धाडस आपोआप येते. तू तिसऱ्या क्वार्टरनंतर माणसाला चिकटून राहिलास, कारण तुझ्याकडे परत यायला जागा नव्हती. मूठ ही ती जागा आहे. हट्टी म्हणायचे तर म्हण.

घाईचे म्हणशील तर, बचावपटू टॉम स्टुअर्टला गीलाँगने २०१६च्या ड्राफ्टमध्ये चाळिसाव्या क्रमांकावर घेतले तेव्हा तो तेवीस वर्षांचा होता. २०१८ मध्ये तो ऑल-ऑस्ट्रेलियन संघात, म्हणजे वर्षातल्या सर्वोत्तम खेळाडूंच्या यादीत, होता. बचावपटू ॲलेक्स रान्स २००९ पासून खेळत होता, ऑल-ऑस्ट्रेलियन झाला तो पहिल्यांदा २०१४ मध्ये. बचावपटू डस्टिन फ्लेचर मात्र शाळेत असतानाच एसेंडनकडून खेळू लागला, ४०० सामने खेळला, आणि त्याच्या त्या पहिल्या वर्षी, १९९३ मध्ये, थोरल्या गॅरी एब्लेटने एसेंडनविरुद्ध एकाच सामन्यात चौदा गोल केले. चौदा! एसेंडन तो सामना जिंकले आणि त्या वर्षीचे अजिंक्यपदही. तू एका गोलावरून तीन पाने लिहिली आहेस.

एक गोष्ट मात्र गंभीरपणे. गेल्या महिन्यात डोक्याला धक्का बसल्यावर तू डॉक्टरांना लगेच सांगितले नाहीस, हे मला आईकडून कळले. किमान बारा दिवसांचा नियम २०२१ पासून आहे, तो तुझ्यासारख्या, दर आठवड्याला गर्दीत उडी घेणाऱ्यांसाठीच केलेला आहे. पुन्हा लपवलेस तर क्लबला मीच फोन करीन, आणि मग रागावू नकोस.

येत्या रविवारी मी सकाळी नऊला तुमच्या घराजवळच्या ओव्हलवर येतो. त्याआधी बॅकलाइन कोचकडून शनिवारचे गोलामागच्या कॅमेऱ्याचे चित्रण मागून घे, कारण टीव्हीचा कॅमेरा चेंडूमागे जातो आणि तू कुठे उभा होतास ते त्यात दिसत नाही. तुझ्याकडे हवेतून आलेला प्रत्येक चेंडू काढ आणि वहीत लिही: निघताना मूठ बंद होती की उघडी, आणि तू त्याच्या खांद्याच्या कोणत्या बाजूला होतास. वही मराठीत लिहिलीस तरी चालेल, इंग्रजीत लिहिलीस तरी चालेल, पण सगळे चेंडू लिही, निसटलेला तेवढाच नको. आणि दोन चेंडू घेऊन ये, दव असेल, एक भिजवूनच ठेवू.

तुझा,
काका