पावसाचं कोडं आणि गणिताची धास्ती

बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूर तालुक्यातल्या एका शेतकरी वडिलांचं पत्र आहे. लेक दुसऱ्या पीयूसीला (म्हणजे बारावीला), विषय पीसीएमबी: फिजिक्स, केमिस्ट्री, मॅथ्स, बायोलॉजी. २०२३ला पाऊस रुसला, तेव्हापासून तिला पावसावर परिणाम करणाऱ्या एल निनोचं वेड. पण गणिताची धास्ती आहे, म्हणून सीईटी ही प्रवेश परीक्षा देऊन शेतकरी कोट्यातून बीएस्सी ॲग्रीला (शेतीच्या पदवीला) घालू का, असं ते विचारतात.

नमस्कार. ॲग्री चांगलीच, पण तिथे हवामान हा अनेक विषयांतला एक. तुमच्या लेकीला जे कळून घ्यायचंय, ते मुळात भौतिकशास्त्र आहे.

प्रशांत महासागरात विषुववृत्तालगतचे वारे एरवी पूर्वेकडून पश्चिमेकडे वाहतात. ते कोमट पाणी इंडोनेशियाकडे लोटतात आणि पेरूच्या किनाऱ्याला खालचं थंड पाणी वर येतं. वारे मंदावले की कोमट पाणी पूर्वेकडे सरकतं, आणि ते सरकलं की वारे आणखी मंदावतात. हा एल निनो. त्या वर्षी आपला मोसमी पाऊस बहुधा कमी पडतो. बहुधाच, कारण १९९७चा एल निनो फार जबर होता, तरी देशात पाऊस सरासरीइतका झाला. हिंदी महासागराचाही यात हात असतो. त्याची आफ्रिकेकडची बाजू जास्त तापली तर आपल्या पावसाला अनेकदा बळ मिळतं. २०१९ला तशीच स्थिती होती. त्या ऑगस्टमधला महापूर बेळगाव, चिकोडीकडचं कोण विसरेल? (पुराला तेवढं एकच कारण नव्हतं, हेही तिला सांगा.) शिवाय घाट आहेच. एकाच जिल्ह्यात खानापुरात धो धो आणि अथणीत कोरडं.

हे कोडं उलगडायला मोठा हातभार लावला तो एका गणितज्ञाने. गिल्बर्ट वॉकर १९०४ला भारतीय हवामान खात्याचे प्रमुख झाले. जगभरच्या हवेच्या दाबाचे आकडे ताडून पाहताना त्यांना प्रशांत महासागरातली दाबाची वरखाली सापडली. म्हणून माझं ठाम मत आहे, गणित सोडू नका.

वाट अशी: बेळगाव किंवा धारवाडला फिजिक्स-मॅथ्स घेऊन बीएस्सी, जोडीला पायथॉन ही संगणकाची भाषा. मग पुणे विद्यापीठात किंवा कोचीच्या कुसॅट विद्यापीठात वातावरणविज्ञानाशी संबंधित एमएस्सी. पुढे संशोधन करायचं तर पुण्याची आयआयटीएम ही हवामान संशोधन संस्था आहे. हवामान खात्यात सायंटिफिक असिस्टंटची भरती कर्मचारी निवड आयोगामार्फत झाली आहे, पण जाहिरात दरवर्षी निघत नाही. तेवढ्या एका नोकरीवर भिस्त ठेवू नका.

सीईटी देऊ द्या, पर्याय हाताशी राहील. पण त्याआधी तिच्या गणिताच्या सरांना भेटा आणि नेमकं कुठे अडतंय ते विचारा. कॅल्क्युलसच असेल तर आतापासूनच शिकवणी लावा.