कथेत तारा-विद्यापीठ उभारताय? आधी आकाश पक्कं करा

विद्यापीठ साताऱ्याजवळच्या कास पठारावर तरंगू दे, ग्रंथालयातले ग्रह पाळीव असू देत, काही बिघडत नाही. पण आकाशाचा एकच नियम मोडा, बाकीचे पाळा. सगळंच मोडलं की वाचकाला कशाचंच नवल वाटत नाही.

साताऱ्याचा अक्षांश साधारण १७.७ अंश, म्हणून ध्रुवतारा क्षितिजापासून तेवढाच वर. हात ताठ धरला की मूठ जवळपास दहा अंश झाकते. म्हणजे पावणेदोन मुठी. फेब्रुवारीत रात्री नऊच्या सुमारास दक्षिणेला अगस्त्य ताराही जवळपास तितकाच वर येतो. उत्तर-दक्षिणेची ही जोडी विद्यापीठाच्या दोन वेशींसाठी किती सुरेख आहे! वापराच.

नवोदितांची हमखास चूक चंद्रात होते. मध्यरात्री पौर्णिमेचा चंद्र उगवताना दाखवतात. तो सूर्यास्ताच्या आसपासच उगवतो, कारण तेव्हा तो सूर्याच्या विरुद्ध दिशेला असतो. पुढे रोज सरासरी पन्नास मिनिटं उशीर. मध्यरात्रीचा उगवता चंद्र हवा असेल तर वद्य अष्टमीच्या आसपासची तिथी घ्या. तारे मात्र रोज चार मिनिटं लवकर उगवतात, महिन्याला दोन तास. विद्यार्थ्यांचं वेळापत्रक यावरच बेता.

दोन चंद्र घातलेत तर काळोख्या रात्री घटतील, अंधुक ताऱ्यांचे तास कमी होतील. तो तुटवडा कथेत दिसायला हवा.

आणि पावसाळा विसरू नका. जून ते सप्टेंबर कासवर ढग उतरलेले असतात. तेव्हा परीक्षा घ्या, किंवा तुमचा मोडलेला नियम, समजा ढगांखाली तारे ऐकू येतात असा, इथेच कामाला लावा.