पीईएस 6 मध्ये 1974 ची हॉलंड: वाचकांचे प्रश्न

प्रश्न: माझ्या पीसीवर अजून पीईएस 6 (प्रो इव्होल्यूशन सॉकर, फुटबॉलचा गेम) आहे. त्यात 1974 च्या वर्ल्डकपची हॉलंड टीम बनवलीय, सगळ्यांना 95 च्या वर रेटिंग दिलं, तरी खेळताना ती टीम वाटतच नाही. काय करू? (एक वाचक, कोल्हापूर)

उत्तर: भावा, 2006 चा गेम जपून ठेवलायस आणि त्यात क्रायफची टीम आणतोयस, वाचूनच लय भारी वाटलं. गडबड त्या 95 मध्येच आहे. सगळेच वाऱ्यासारखे पळायला लागले आणि सगळ्यांचेच पास अचूक झाले की माणूस माणसासारखा वेगळा दिसणार कसा? फान हानेगेम घे, पळायला संथ पण डावा पाय म्हणजे सोनं, त्याचा स्पीड बिनधास्त खाली आण आणि लाँग पास वर ठेव, मग बघ तू आपोआप त्याच्याकडे बॉल देऊन पुढे रेप आणि रेन्सेनब्रिंक हे फॉरवर्ड कुठे पळतायत ते शोधायला लागशील. हान मूळचा मिडफिल्डर, कोच मिशेल्सने त्याला मागे खेळवला, म्हणून त्याला डिफेन्समध्येच ठेव पण पासिंग मिडफिल्डरचंच दे. क्रोल आणि सुरबीर या बाजूच्या डिफेंडरना फॉर्मेशनच्या स्क्रीनवर पुढे जाणारे बाण दे, डिफेन्स लाइन वर, ऑफसाइड ट्रॅप आणि प्रेशर चालू. माझ्या मते रेटिंगपेक्षा या सेटिंगनेच ती टीम जास्त उभी राहते.

आता शर्टाचे नंबर. ते आडनावाच्या एबीसीडीने दिलेले, त्यामुळे 1 नंबर फॉरवर्ड खेळणाऱ्या खेल्सला आणि गोलकीपर योंगब्लूडला 8, फक्त क्रायफला त्याचा 14. हे ऑप्शन फाइलमध्येच (गेममध्ये केलेले बदल जिच्यात सेव्ह होतात ती फाइल) बदलता येतं, आधी तिची कॉपी काढून ठेव मात्र. शर्टावर नावं नकोत, वर्ल्डकपला ती 1994 पासून आली. किट, म्हणजे टीमचे कपडे, किटसर्व्हर या गेमसाठी बनवलेल्या वेगळ्या प्रोग्रामने टाक, म्हणजे गेमच्या मूळ फाइलींना हात लागत नाही. क्रायफचा प्यूमाशी करार होता म्हणून त्याच्या शर्टावर दोनच पट्टे होते, बाकीच्यांच्या आदिदासचे तीन, पण गेममध्ये किट अख्ख्या टीमला एकच लागतं त्यामुळे तीनच ठेव.

प्रश्न: तेव्हा गोलकीपर बॅकपास (आपल्याच खेळाडूने पायाने मागे दिलेला बॉल) हातात घ्यायचे ना, ते मॉडमध्ये, म्हणजे गेममध्ये आपण करतो त्या बदलांत, येईल का? (तोच वाचक)

उत्तर: ऑप्शन फाइलने नाही येणार. तिच्यात नावं, नंबर, रेटिंग, फॉर्मेशन असल्या गोष्टी असतात, खेळाचे नियम नाहीत, आणि बॅकपासचा नियम बदलला 1992 मध्ये, गेम त्याच्या कितीतरी नंतरचा. पण एक गोष्ट स्वतः पाळता येते, तेव्हा मॅचला दोनच बदली खेळाडू चालायचे. म्युनिकच्या फायनलला हॉलंडने दोन्ही वापरले, हाफटाइमला रेन्सेनब्रिंकच्या जागी रेने फान डे केरखॉफ आणि नंतर राइसबर्गनच्या जागी डे योंग. तूही दोनच वापर, शेवटच्या वीस मिनिटांत थकलेल्या टीमला घेऊन 2-1 ने मागे असताना बरोबरी साधायची म्हणजे काय ते कळेल.