कमांडो, शिलेदार आणि छापा

प्रश्न असा आहे: "मावळे म्हणजे त्या काळचे कमांडो, असं सर्रास लिहिलं जातं. ते बरोबर आहे का? आणि गनिमी कावा आपल्याकडे होताच, तर कमांडोला त्यावरूनच एखादा मराठी शब्द का करू नये?"

आधी शब्दाचं मूळ पाहू. पोर्तुगीज भाषेत 'कोमांदो' म्हणजे हुकूम, हुकुमत, आणि त्यावरून एका हुकुमाखालची तुकडी. पोर्तुगीजांकडून मराठीनं पगार, चावी, बटाटा, तुरुंग असे कितीतरी शब्द थेट घेतले. हा मात्र थेट आला नाही. तो दक्षिण आफ्रिकेतल्या डच वसाहतवाल्यांच्या, म्हणजे बोअरांच्या भाषेत रुळला, तिथून इंग्रजीत गेला आणि इंग्रजीतून आपल्याकडे आला.

बोअरांचं 'कमांडो' म्हणजे माणूस नव्हे, तर एका जिल्ह्याचं घोडदळ. ट्रान्सवाल आणि ऑरेंज फ्री स्टेट या बोअरांच्या दोन राज्यांत 16 ते 60 वयाच्या नागरिकाला हाक आली की घोडा, रायफल आणि काही दिवसांची शिदोरी घेऊन हजर व्हावं लागे. आपल्याकडे याला नेमका शब्द होता. सरकारी घोड्यावर बसणारा तो बारगीर, आणि स्वतःचा घोडा, स्वतःचं हत्यार घेऊन येणारा तो शिलेदार. तेव्हा जगातला पहिला 'कमांडो' म्हणजे शिलेदारांचं पथक होतं. ही तुलना मला मावळ्यांच्या तुलनेपेक्षा कितीतरी खरी वाटते.

1899 ते 1902 च्या बोअर युद्धात राजधान्या पडल्यावरही ही पथकं लढत राहिली. रेल्वे उखडायची, रसद लुटायची, फौज येण्याआधी पसार व्हायचं. हा शब्दशः गनिमी कावा होता. तो मोडायला इंग्रजांनी शेतं-घरं जाळली, बायकापोरांना छावण्यांत कोंडलं, मुलखात चौक्यांच्या रांगा उभ्या केल्या. पकडलेले बोअर दूरदूर धाडले, त्यांतले काही आपल्या अहमदनगरलाही कैदी म्हणून आले. खरेखुरे, मूळ अर्थाचे कमांडो महाराष्ट्रात असे येऊन गेले आहेत, आणि ही गोष्ट फारशी कुणाच्या लक्षात नाही याची मला हळहळ वाटते.

पुढचं वळण 1940 चं. फ्रान्सच्या किनाऱ्यावरच्या डंकर्कहून ब्रिटिश फौज जर्मनांपुढे माघार घेऊन कशीबशी परतली होती, युरोपात पाय ठेवायला जागा नव्हती. त्या जूनमध्ये डडली क्लार्क या अधिकाऱ्यानं समुद्रावरून जाऊन जर्मनांवर छापे घालणारी लहान दलं उभारायची कल्पना मांडली. त्याचा जन्म ट्रान्सवालमधला, त्यामुळे नाव त्याला आयतं सुचलं. पंतप्रधान चर्चिल स्वतः बातमीदार असताना बोअरांच्या हाती सापडले होते, त्यांना शब्दाची धार वेगळी सांगायला नको होती. तेव्हाही 'कमांडो' म्हणजे सुमारे 500 जणांचं दल. ब्रिटिश रॉयल मरीन्समध्ये '40 कमांडो', '42 कमांडो' ही दलांची नावं आजही आहेत. दलाचं नाव त्यातल्या माणसाला चिकटलं ते बोलण्यातून.

इथेच शब्दाचा आशय पालटला. बोअर लढत होते कारण त्यांच्याकडे दुसरा मार्ग उरला नव्हता. 1940 चे कमांडो मात्र मोठ्या सरकारच्या मोठ्या फौजेतून निवडून, तालीम देऊन, एका ठरावीक कामावर पाठवलेले. 28 मार्च 1942 ची सेंट नाझेरची मोहीम पाहा. जर्मनांच्या ताब्यातल्या फ्रान्सच्या त्या बंदरात प्रचंड सुकी गोदी, म्हणजे पाणी काढून टाकून जहाज दुरुस्त करायची जागा, होती. टिर्पिट्झ या जर्मन युद्धनौकेची दुरुस्ती करता येईल अशी जर्मनांच्या हातातल्या अटलांटिक किनाऱ्यावर तेवढी एकच. ब्रिटिशांनी कॅम्पबेलटाउन ही जुनी विनाशिका जर्मन बोटीसारखी दिसेल अशी बदलली, तिच्या पुढच्या भागात काही टन स्फोटकं भरली आणि रात्री दीडच्या सुमारास गोदीच्या दरवाज्यावर नेऊन आदळली. कमांडो उतरले, पंपघर वगैरे उडवलं. बोट फुटली ती उजाडल्यावर, कित्येक तासांनी. सहाशेच्या वर गेलेल्या माणसांत 169 मेले, दोनशेहून अधिक पकडले गेले. पण गोदी युद्ध संपेपर्यंत निकामी राहिली आणि टिर्पिट्झ अटलांटिकमध्ये कधी उतरली नाही. माणसं थोडी, रात्र एक, आणि परिणाम सगळ्या युद्धाच्या पटावर. विशेष दलांचं काम ते हेच.

आता गनिमी कावा. 'गनीम' अरबी-फारसीतला, अर्थ लुटारू, शत्रू. मोगली कागदांत मराठे गनीम, मराठी कागदांत मोगल गनीम. 'कावा' म्हणजे घोड्याला गोल फिरवणं, त्यावरून हुलकावणी, डाव. ही सबंध युद्धाची रीत आहे. संताजी-धनाजींनी औरंगजेबाच्या फौजेला वर्षानुवर्षं दमवलं, तो गनिमी कावा. एका रात्रीच्या कामाला तो शब्द अपुरा नाही, उलट फार मोठा पडतो. म्हणून 'कमांडो'ला त्यावरून शब्द करू नये असं माझं स्पष्ट मत आहे.

एका रात्रीच्या कामासाठी आपला शब्द आहे 'छापा'. एप्रिल 1663 मध्ये लाल महालावर महाराजांनी घातला तो छापा. शाइस्ताखान तीन वर्षं पुण्यात ठाण मांडून होता. मोजकी माणसं आत शिरली, खानाची बोटं तुटली, आणि औरंगजेबानं त्याची रवानगी बंगालला केली. सेंट नाझेरशी जोडून वाचावी अशी ही घटना आहे. 1673 मध्ये कोंडाजी फर्जंद साठेक माणसांनिशी पन्हाळा रात्रीत घेतो, तीही त्याच जातीची.

आजच्या वापरात थोडी सरमिसळ आहे. 1966 मध्ये उभी राहिलेली लष्कराची 9 पॅरा ही बटालियन, नौदलाचे मार्कोस, हवाई दलाचे गरुड ही सैन्याची विशेष दलं. एनएसजी, म्हणजे राष्ट्रीय सुरक्षा रक्षक दल, गृहखात्याच्या हाताखाली. गडचिरोलीचं सी-60 तर पोलिसांचं, 1990 मध्ये स्थानिक तरुणांतून उभं केलेलं. बातम्यांत हे सगळे 'कमांडो'च असतात. चुकीचं नाही, पण लिहिताना दलाला 'विशेष दल', माणसाला 'कमांडो' आणि कृतीला 'छापा' म्हटलं तर घोळ होत नाही. 2016 च्या सर्जिकल स्ट्राइकला काही वृत्तपत्रांनी 'लक्ष्यभेदी हल्ला' म्हटलं. शब्द सुरेख आहे, पण सीमेपलीकडे चालत जाऊन परत आलेली माणसं त्यात दिसत नाहीत. 'छाप्या'त दिसतात.

व्याकरणाचं म्हणाल तर 'फोटो'सारखं चालवा: तो कमांडो, ते कमांडो, कमांडोने, कमांडोंना. 'कमांडोज' नको.

आणि मावळे? मावळा म्हणजे मावळातला माणूस, पुढे पायदळातला शिपाई. सगळ्या मावळ्यांना कमांडो म्हणणं म्हणजे सगळ्या पायदळाला विशेष दल म्हणण्यासारखं आहे. पन्हाळ्यावर चढलेल्या त्या साठ जणांना खुशाल म्हणा. मराठा लाइट इन्फन्ट्रीच्या 21 व्या बटालियनचं 1996 मध्ये 21 पॅरा हे विशेष दल झालं, तेव्हा त्या जवानांनी आपल्यासाठी जुनाच शब्द निवडला. ते स्वतःला 'वाघनख' म्हणवतात.