पहिला वायरलेस गेमिंग माउस निवडताना
खेळासाठी वायरलेस माउस घ्यावा की नाही, ही शंका आता मनातून काढून टाकायला हरकत नाही. मात्र तो केवळ ब्लूटूथवर चालणारा नसावा, २.४ गिगाहर्ट्झचा स्वतंत्र रिसीव्हर, म्हणजे संगणकाच्या यूएसबी पोर्टमध्ये खोचायचा छोटा तुकडा, सोबत असलेला असावा. अशा रिसीव्हरवर गेमिंग माउस सेकंदाला १००० वेळा आपली हालचाल संगणकाला कळवू शकतो, तर ब्लूटूथवर हे प्रमाण साधारण १२५ पर्यंत उतरते आणि नेम धरताना तो फरक हाताला जाणवतो. ४००० किंवा ८००० हर्ट्झच्या, म्हणजे सेकंदाला तितक्या वेळा हालचाल कळवण्याच्या, जाहिरातींना तूर्त भुलू नका, कारण त्याने बॅटरी भराभर संपते. डीपीआय, म्हणजे माउस इंचभर हलवल्यावर पॉइंटर किती ठिपके सरकतो, त्याच्या मोठ्या आकड्यांनाही भुलू नका. ८०० ते १६०० मध्ये बहुतेकांचे भागते.

खरा विचार करायचा तो आकाराचा. तळहात पूर्ण टेकवणाऱ्याला उंच पाठीचा माउस मानवतो, तर बोटांच्या टोकांनी धरणाऱ्याला बुटका व आखूड. म्हणून सध्याचा माउस आपण कसा धरतो, हे खेळ ऐन रंगात आलेला असताना एकदा खाली पाहून ठरवावे. वजन ८० ग्रॅमच्या आत असल्यास उत्तम. डावखुऱ्यांनी बाजूची बटणे कोणत्या अंगाला आहेत, ते आधी तपासावे.

माझा पहिला माउस मधूनच अडखळत असे आणि मी आठवडाभर त्यालाच दोष देत राहिलो. प्रत्यक्षात रिसीव्हर संगणकाच्या मागे, हार्ड डिस्क जोडलेल्या यूएसबी ३.० पोर्टला खेटून होता, आणि त्या पोर्टमधून होणारा व्यत्यय २.४ गिगाहर्ट्झच्या पट्ट्यातही येतो. एक्स्टेन्शन केबल लावून रिसीव्हर माउसपॅडपासून वीतभर अंतरावर आणल्यावर ती तक्रार मिटली.