आत्याबाईंचा आक्षेप

प्रश्न : मागच्या अंकात तुम्ही मदर तेरेसांना ‘नन’ म्हटलं होतं. माझी सख्खी आत्या धर्मभगिनी आहे. तिने चष्मा लावून ते वाक्य दोनदा वाचलं आणि म्हणाली, “आम्ही नन नव्हे, सिस्टर. कळव त्यांना.” फरक काय, असं विचारलं तर नुसती हसली. खरंच काही फरक आहे, की हा म्हातारपणीचा हट्ट?

उत्तर : हट्ट मुळीच नाही. आत्याबाईंचं बरोबर आहे, चूक माझी. त्यांना माझा नमस्कार सांगा आणि माफीही कळवा.

कॅथलिक चर्चच्या कायद्यात नन म्हणजे मठाच्या भिंतीआड राहून प्रार्थनेत आयुष्य घालवणारी. शाळेत शिकवणारी, इस्पितळात रात्रपाळी करणारी, ती सिस्टर. बोलताना आपण दोघींनाही एकाच नावाने ओळखतो. आम्हाला शाळेत सिस्टरच शिकवायच्या. त्यांना डोक्यावर केस असतात का, यावर आमच्या वर्गात पैजा लागत. पण त्या नन आहेत की सिस्टर, हा प्रश्न कुणाच्या डोक्यात आला नाही. माझ्या तर थेट तुमचं पत्र येईपर्यंत आला नव्हता.

एके काळी मात्र ‘आम्ही नन नाही’ हे वाक्य या बायका स्वतःच्या बचावासाठी म्हणत. त्याची गोष्ट सांगते.

जितकं मागे जावं तितक्या भिंती उंच, असा आपला समज असतो. तसं नाही. सातव्या शतकात इंग्लंडमध्ये व्हिटबीच्या मठावर हिल्डा नावाची बाई प्रमुख होती आणि तिच्या हाताखाली पुरुष संन्यासीही होते. ईस्टरची तारीख कशी ठरवायची, हा मोठा वाद ६६४ साली तिच्याच मठात भरलेल्या सभेत निकाली निघाला. बाराव्या शतकातली जर्मनीची मठप्रमुख हिल्डेगार्ड तर दौरे काढून बाहेर प्रवचनं देत असे. म्हातारपणी मठाच्या आवारातल्या एका दफनावरून माइन्झच्या धर्माधिकाऱ्यांशी तिचं वाजलं. चर्चने बहिष्कृत केलेल्या माणसाला तिथे पुरलंय, प्रेत उकरून बाहेर काढा, असा हुकूम होता. मरण्याआधी त्याला माफी मिळाली होती, असं म्हणून तिने साफ नकार दिला. शिक्षा म्हणून मठातलं गाणं बंद झालं. सत्तरहून जास्त स्तोत्रगीतं रचणाऱ्या बाईला ही शिक्षा! ती भांडत राहिली. ११७९ मध्ये बंदी उठली आणि त्याच वर्षी ती वारली.

दार कायद्याने बंद झालं ते १२९८ मध्ये. पोप आठवे बोनिफेस यांनी सगळ्या नन्सनी कायम मठाच्या आतच राहावं, असा हुकूम काढला. तो सगळीकडे सारखा पाळला गेला नाही. म्हणून १५६३ मध्ये ट्रेंटच्या धर्मपरिषदेने त्याला पुन्हा धार लावली आणि तीन वर्षांनी पोप पाचवे पायस यांनी आणखी आवळलं. म्हणजे व्रत घ्यायचं तर भिंतीआड जायचं. भिंतीबाहेर राहायचं तर तुम्ही नन नाही.

आणि या भिंतीआड सगळ्या काही देवाच्या ओढीने गेल्या नव्हत्या. व्हेनिसच्या बड्या घरांत लग्नाचा हुंडा इतका चढला होता की एका मुलीचं लग्न करायचं आणि बाकीच्यांना मठात घालायचं, असा हिशेब चाले. मठालाही हुंडा द्यावा लागे, पण तो लग्नाच्या हुंड्यापेक्षा कमी असे. बळजबरी करणाऱ्याला चर्चमधून बहिष्कृत करावं, असं ट्रेंटनेच म्हटलं होतं. बापांनी ते सोयीने ऐकलं नाही. अर्कांजेला ताराबोत्ती अशीच लहानपणी मठात घातलेली. १६५२ मध्ये मरेपर्यंत ती आतच होती, पण आत बसून तिने मुलींना कोंडणाऱ्या बापांवर जे पुस्तक लिहिलं ते जळजळीत आहे. तिच्या मृत्यूनंतर ते छापलं गेलं आणि रोमने त्यावर बंदी घातली. गॅलिलिओनेही आपल्या दोन्ही मुलींना मठातच पाठवलं. थोरलीची बापाला लिहिलेली १२४ पत्रं उरली आहेत. त्यात ती त्याच्या कॉलरी शिवून धुवून पाठवते. त्याची तिला गेलेली पत्रं हरवली.

आता भिंतीबाहेरच्या. मेरी वॉर्ड ही इंग्लंडची. १६०९ मध्ये तिने आजच्या फ्रान्समधल्या सेंत-ओमेर इथे मुलींसाठी शाळा काढली. भिंत नको, जेझुइट धर्मगुरूंसारखं गावोगाव फिरायला मिळावं, एवढंच तिचं मागणं. त्यासाठी ती आल्प्स ओलांडून पायी रोमला गेली. १६३१ मध्ये पोप आठवे अर्बन यांनी तिचा संघच मोडीत काढला आणि तिला पाखंडी ठरवून म्युनिकमध्ये कैद केलं. कैद कुठे? तर ननच्या बंद मठात! तिथून ती लिंबाच्या रसाने पत्रं लिहून बाहेरच्या सहकाऱ्यांना पाठवी. कागद शेकला की अक्षरं उमटत. या लिंबाच्या पत्रांवर माझा फार जीव आहे.

दोनच वर्षांनी पॅरिसमध्ये व्हिन्सेंट द पॉल आणि लुईझ द मारियाक यांनी तेच काम वेगळ्या युक्तीने केलं. त्यांच्या संघातल्या मुली गावाकडच्या बायकांसारखा साधा करडा झगा घालत. व्रत घेत ते एकाच वर्षापुरतं, पुढच्या वर्षी पुन्हा नव्याने. संन्यासिनी म्हटलं की भिंत आली आणि तुम्हाला तर सगळीकडे जायचंय, तेव्हा कुणी विचारलं तर आम्ही संन्यासिनी नाही असंच सांगा, हे व्हिन्सेंट त्यांना बजावत. रुग्णांची घरं हाच तुमचा मठ आणि शहरातले रस्ते हेच तुमचं आवार, असंही त्यांनी सांगून ठेवलं होतं. भांडण न करता काम सुरू. मला मेरी वॉर्ड जास्त आवडते, पण शहाणपण व्हिन्सेंटचं, हे मान्य करायला हवं.

शाळा, दवाखाने, अनाथाश्रम ही ‘ननची’ म्हणून आपण ओळखतो ती कामं पुढे वाढली ती मुख्यतः अशा कायद्याने नन नसलेल्या बायकांच्या हातून. चर्चने १९०० मध्ये त्यांचं स्थान रीतसर मान्य केलं. मेरी वॉर्डला संस्थापिका म्हणण्याची परवानगी तर १९०९ मध्ये मिळाली. तिच्याच परंपरेतल्या आयर्लंडच्या लोरेटो संघात १९२८ मध्ये अठरा वर्षांची एक मुलगी दाखल झाली, तिला आपण मदर तेरेसा म्हणतो. मागच्या अंकातली माझी चूक किती जुन्या जागी जाऊन लागली, बघा.

प्रश्न : जर्मन धर्मसुधारक मार्टिन लुथरने मठ मोडले तेव्हा नन्स सुटल्या, असं वाचलं. बरोबर ना?

उत्तर : काही सुटल्या, काहींना ओढून सोडवलं.

१५२५ मध्ये न्यूरेंबर्गमध्ये लुथरचं मत मानणाऱ्या आया मठात आल्या आणि आपापल्या तरुण मुलींना रडत-ओरडत बाहेर काढून घेऊन गेल्या. मुलींना जायचं नव्हतं. मठाची प्रमुख कॅरिटास पिर्कहायमर लॅटिन जाणणारी, विद्वानांना पत्रं लिहिणारी बाई. तिने हे सगळं टिपून ठेवलंय, म्हणून आपल्याला कळतं. मठाला नव्या मुली घ्यायला बंदी झाली आणि आहेत त्या मरेपर्यंत तो कसाबसा चालला.

काटारिना फॉन बोरा मात्र स्वतःहून निघाली. तिला पाच-सहा वर्षांची असताना मठात ठेवलं होतं. १५२३ च्या ईस्टरच्या रात्री ती आणि आणखी काही जणी निम्बशेनच्या मठातून हेरिंग मासळी पुरवणाऱ्या व्यापाऱ्याच्या गाडीत बसून पळाल्या. दोन वर्षांनी तिने लुथरशीच लग्न केलं. संसार थाटला तो विटेनबर्गमधल्या संन्याशांच्या रिकाम्या मठात. तिथे ती बिअर गाळायची, डुकरं पाळायची, विद्यार्थ्यांना जेवणासह खोल्या द्यायची. तिची एक आत्याही निम्बशेनलाच नन होती. पुढे तीही बाहेर पडली आणि भाचीकडे, विटेनबर्गच्या त्या मठात राहायला आली.